टिक वाजलं म्हणजे रिले चांगला?

जुनी पेट्रोल गाडी सेल घेते पण सुरू होत नाही, अशा वेळी बॉनेटभोवती चार माणसं जमतात आणि निदानं पाच येतात. पंप गेला, पेट्रोलमध्ये भेसळ आहे, प्लग ओले झाले, गरम होऊन अडकली, कचरा आला. यातलं पहिलं निदान सर्वांत महाग पडतं. पंप असतो टाकीत, आणि तो बदलायचा म्हणजे काही हजारांना फोडणी. पंप आणि बॅटरी यांच्यामध्ये बसलेल्या काडेपेटीपेक्षाही लहान डबीची, म्हणजे फ्युएल पंप रिलेची, आठवण बहुतेकांना सगळ्यात शेवटी होते. आणि एकदा का तिचं नाव कानावर पडलं, की पुढच्या प्रत्येक बंद गाडीचा आळ तिच्यावरच येतो.

मुळात आपल्या गाडीत हा रिले आहे का, ते आधी बघावं. प्रीमियर पद्मिनी किंवा कार्बोरेटरची मारुती ८०० घेऊन कुणी रिले शोधत बसला तर त्याला तो सापडणार नाही. तिथे पेट्रोल ओढणारा पंप इंजिनलाच लागून असतो आणि इंजिनच्या फिरण्यावर, यांत्रिक दट्ट्याने चालतो. त्याला वीज लागतच नाही. जुन्या डिझेल गाड्यांचा पंपही इंजिनच्याच जोरावर फिरतो. आपल्याकडे २००० च्या आसपास प्रदूषणाचे नियम कडक झाले, कार्बोरेटरऐवजी इंजेक्टरने पेट्रोल सोडणारी एमपीएफआय इंजिनं सर्रास आली, आणि टाकीतला विजेवर चालणारा पंप व त्याचा रिले साध्या गाड्यांतही दिसू लागला. आज ज्यांना ‘जुनी गाडी’ म्हणतात त्यातल्या बऱ्याचशा या पिढीच्या आहेत.

‘टिक आवाज आला, म्हणजे रिले ठीक आहे’

हा सगळ्यांत पक्का बसलेला समज. अनुभवी मिस्त्रीही रिलेवर बोट ठेवतात, किल्ली फिरवायला सांगतात आणि ‘टिक’ जाणवलं की पुढच्या कामाला लागतात.

रिलेच्या पोटात दोन स्वतंत्र वाटा असतात. एका वाटेवर तारेचं वेटोळं, म्हणजे कॉइल. तिच्यातून जेमतेम दीडशे मिलिअँपिअर करंट जातो, चुंबक तयार होतो आणि तो एक पत्री ओढतो. ती पत्री ज्या दोन टोकांना जोडते ती दुसरी वाट. तिच्यातून पंपाचा चार ते सात अँपिअर करंट वाहतो. टिक हा आवाज पत्री हलल्याचा. टोकं एकमेकांना नीट टेकली का, आणि टेकून करंट सोडतात का, हे त्या आवाजावरून कळत नाही. पंप ही मोटर आहे. सुरू होताना ती क्षणभर नेहमीच्या कितीतरी पट करंट ओढते, बंद होताना टोकांमध्ये ठिणगी उडते. पंधरा-वीस वर्षं रोज हेच चाललं की टोकं काळी पडतात, त्यांना खड्डे पडतात. मग टिक अगदी ठणठणीत वाजतं आणि पंपापर्यंत बारातले आठ-नऊच व्होल्ट पोचतात.

इथे मीटरही फसवतो. पंप न जोडता मोजलं तर जळलेल्या टोकांतूनही पूर्ण बारा व्होल्ट दिसतात, कारण मीटर स्वतः जवळजवळ काहीच करंट घेत नाही. मोजायचं ते पंप चालू असताना, रिलेच्या आत येणाऱ्या आणि बाहेर जाणाऱ्या टोकांमध्ये. दोन दशांश व्होल्टच्या आत फरक असेल तर टोकं चांगली. अर्ध्या व्होल्टच्या वर गेला तर रिले कामातून गेलाच म्हणा. मीटर नसेल तर साधा बल्ब लावलेला टेस्ट लॅम्प बऱ्याचदा जास्त खरं बोलतो. तो करंट खातो, त्यामुळे कमजोर जोडावर मिणमिणतो.

शिवाय ऐकू आलेलं टिक याच रिलेचं होतं कशावरून? किल्ली फिरवल्यावर डॅशबोर्डखाली दोन-तीन रिले एका दमात वाजतात. कानापेक्षा बोटावर भरवसा ठेवावा. आणि एका टिकऐवजी टकटकटक अशी माळ लागली तर आधी बॅटरी तपासा. बारा व्होल्टच्या रिलेला पत्री ओढायला साधारण सात-आठ व्होल्ट तरी लागतात. मेलेल्या बॅटरीवर सेल मारताना तेवढेही उरत नाहीत.

‘पंपाची गुणगुण नाही, म्हणजे पंप गेला’

किल्ली ‘ऑन’ला नेली की मागच्या सीटखालून दोन-तीन सेकंद गुणगुण येते आणि थांबते. ती थांबली म्हणून घाबरणारेही भेटतात. पण ती थांबायलाच हवी. पंप नळीत दाब भरून ठेवतो आणि इंजिन फिरत असल्याची खूण मिळेपर्यंत ईसीयू, म्हणजे इंजिनचा संगणक, त्याला गप्प बसवतो. सेल मारल्यावर क्रँक सेन्सरकडून ती खूण आली की रिले पुन्हा ओढला जातो. म्हणून पहिली गुणगुण आली, पण सेल मारताना पंप फिरत नाही आणि प्लगला ठिणगीही नाही, तर रिले-पंप दोघांना सोडून सेन्सरकडे वळावं. पुष्कळ गाड्यांत सेल मारताना आरपीएमचा काटा जरासा थरथरतो. तो मेल्यासारखा पडून असेल तर संशय आणखी बळावतो.

गुणगुण मुळीच नसेल तरी पंपापर्यंत जायच्या आधी बरीच ठाणी लागतात. फ्यूज तर आहेच. फोर्ड आणि फियाटच्या बऱ्याच गाड्यांत अपघातात पेट्रोल तोडणारा इनर्शिया स्विच असतो. मोठ्या खड्ड्यातही तो कधी उडतो, आणि त्याचं बटण दाबलं की गाडी पुन्हा सुरू! इमोबिलायझरने किल्ली ओळखली नाही तरी काही गाड्यांत पंपाचा हुकूम सुटत नाही. डॅशबोर्डवर किल्लीचा दिवा लुकलुकत असेल तर रिलेच्या मागे लागण्यात अर्थ नाही.

आपल्याकडच्या जुन्या गाड्यांची आणखी एक गंमत म्हणजे नंतर बसवलेली वायरिंग. चोरी होऊ नये म्हणून बाहेरून लावलेल्या लॉकने नेमकी पंपाचीच वायर कापून मध्ये आपला रिले घातलेला असतो. सीएनजी किट बसवणाऱ्यानेही कधी गॅसवर पंप बंद ठेवायला तेच केलेलं असतं. कंपनीच्या नकाशात हे कुठेच नसतं. इन्सुलेशन टेपचं गाठोडं दिसलं की आधी ते उघडावं. कोकण-गोव्याच्या दमट हवेत पंपाच्या अर्थच्या वायरीचं टोक हिरवट गंजानं खाल्लेलं असणं हेही नवल नाही, आणि उंदरांनी कुरतडलेल्या वायरीबद्दल तर सांगायलाच नको.

‘रिले फ्यूज बॉक्समध्येच असतो’

असतो, नसतोही. कुठे इंजिनजवळच्या पेटीत, कुठे ग्लोव्ह बॉक्सच्या मागे, कुठे चालकाच्या पायांवर डॅशबोर्डखाली एकट्याने टांगलेला. झाकणाच्या आतला नकाशा, मालकाला मिळणारं पुस्तक आणि गाडीचं वायरिंग मॅन्युअल, या क्रमाने शोधावं. हे काहीच हाताशी नसेल तर एकाला किल्ली ऑन करायला बसवा आणि एकेका रिलेवर बोट ठेवत जा. किल्लीबरोबर ओढला जाऊन दोन-तीन सेकंदांनी सुटतो, तो बहुधा आपला. बाकीचे ओढले जाऊन तसेच राहतात. रिलेच कॉइलकडून मेलेला असेल तर मात्र ही युक्ती चालत नाही, आणि मग नकाशाशिवाय गत्यंतर नाही.

‘गरम झाली की अडकते, म्हणजे व्हेपर लॉक’

ही आठवण खरी आहे, फक्त ती वेगळ्या इंजिनाची आहे. उन्हाळ्यात बोरघाट किंवा खंबाटकी चढताना थांबलेली पद्मिनी, उघडं बॉनेट आणि पंपावर टाकलेलं ओलं फडकं हे दृश्य ज्यांनी पाहिलंय त्यांच्या मनातून ते जात नाही. तिथे इंजिनवरचा पंप टाकीतून पेट्रोल ओढायचा. ओढण्यामुळे नळीतला दाब कमी, त्यात इंजिनची धग; पेट्रोलची वाफ व्हायची आणि पंप वाफेवर रिकामा चालायचा. ओल्या फडक्याने खरोखर फरक पडत असे.

एमपीएफआयमध्ये पंप टाकीत बसून पेट्रोल ढकलतो, तेही साधारण तीन बारच्या दाबाने. दाब वाढला की उकळण्याचं तापमान वर जातं. तेव्हा अशी गाडी उन्हात उभी राहून सुरू होत नसेल आणि संध्याकाळी काही न करता सुरू होत असेल, तर वाफेच्या आधी विजेच्या जोडांचा विचार करावा.

याचं जगभर गाजलेलं उदाहरण होंडाचं. ऐंशीच्या दशकाच्या शेवटापासून नव्वदीच्या अखेरपर्यंतच्या सिव्हिक, अकॉर्ड वगैरे गाड्यांत डॅशबोर्डखाली एक ‘मेन रिले’ असे. एकाच डबीत दोन रिले: एक ईसीयू आणि इंजेक्टरना वीज देणारा, दुसरा पंपाला. त्यांची टोकं छोट्या सर्किट बोर्डावर सोल्डर केलेली. वर्षानुवर्षं तापून-थंड होऊन त्या सोल्डरला पिनेभोवती बारीक गोल चीर पडते. गाडी उन्हात तापली की चीर उघडते आणि पंप बंद; थंडावली की पुन्हा मिटते. आपल्याकडे १९९८ च्या सुमारास आलेली पहिली होंडा सिटीही याच पठडीतली. अशी गाडी गॅरेजला ओढून नेईपर्यंत गार होते, तिथे पहिल्या सेलला सुरू होते, आणि मालक खोटारडा ठरतो.

ही चीर भिंगाखाली दिसते. डबी उघडून जोड तापवून नवं सोल्डर भरलं की तोच रिले पुन्हा वर्षानुवर्षं चालतो. रस्त्यातच अडलात तर दोन्ही दारं उघडून डॅशबोर्डखालची कोंडलेली गरम हवा जाऊ द्यावी. डबीवर हलकं ठोकून गाडी सुरू झाली, तर निदान पक्कं झालं समजा. उपाय मात्र झालेला नाही.

‘दुसरा रिले घालून बघू’

कल्पना चांगली आहे. हॉर्नचा रिले बऱ्याच गाड्यांत अगदी तसाच असतो. संशयित रिले हॉर्नच्या जागी घालून हॉर्न जोरात वाजला तर त्याची टोकं बरी आहेत असं मानायला जागा आहे, कारण हॉर्नही चांगला करंट खातो. पण अदलाबदल आकार बघून करू नये. चार पिनांचा की पाच, आत डायोड आहे का, कॉइलच्या पिना आडव्या की उभ्या, हे रिलेच्या अंगावर छापलेलं असतं. जुन्या फोक्सवॅगन गाड्यांच्या काही पंप रिलेंत तर स्वतःचं इलेक्ट्रॉनिक सर्किट असतं. तिथे साधा रिले चालत नाही.

अदलाबदलीपेक्षा रिले काढून रिकाम्या खोबणीला चार प्रश्न विचारणं मला जास्त पटतं. जर्मन मानकाप्रमाणे पिनांना आकडे असतात. ३० ला बॅटरीकडून येणारा करंट आहे का? ८६ ला किल्ली ऑन केल्यावर करंट येतो का? टेस्टरचा चिमटा बॅटरीच्या प्लसला लावून टोक ८५ ला टेकवलं, तर किल्ली फिरवताच दोन सेकंद उजळून विझतो का? तो ईसीयूचा हुकूम. (इथे एलईडी टेस्टरच वापरावा, मोठा बल्ब ईसीयूच्या आतल्या नाजूक भागाला झेपत नाही. काही गाड्यांत हुकूम प्लसकडून येतो, तेव्हा ८५ आणि ८६ ची अदलाबदल समजायची.) चौथा प्रश्न: फ्यूज लावलेल्या वायरने ३० आणि ८७ जोडले, तर पंप फिरतो का? चारही उत्तरं होकारार्थी आली आणि रिले परत लावल्यावर पंप तरी फिरत नाही, तर दोष रिलेचाच. एखादं उत्तर नकारार्थी आलं तर रिले निर्दोष असू शकतो, आणि कोणत्या वायरीचा माग काढायचा तेही कळतं. होंडाच्या त्या डबीला हे आकडे नसतात, तिथे नकाशा लागतोच.

हीच ३०-८७ ची वायर तशीच ठेवून ‘चालवा गावापर्यंत’ असं सांगणारे महाभाग असतात. गाडी चालते, यात शंका नाही. पण अपघात होऊन इंजिन थांबलं, की पंप बंद करायचं काम त्याच रिलेचं होतं. तो नसेल तर फुटलेल्या नळीतून पंप पेट्रोल ओततच राहतो. चाचणीला काही सेकंद एवढीच त्या वायरीची मर्यादा.

‘जळला, नवा घातला, काम झालं’

काही शे रुपयांचा रिले वर्षभरात दुसऱ्यांदा जळला तर कंपनीच्या नावाने बोटं मोडण्याआधी खोबणी बघा. प्लास्टिक तपकिरी झालंय, पिनेची पकड ढिली पडलीय? मग उष्णता तिथे तयार होते आहे आणि नवा रिलेही तिथेच भाजणार; ती खोबणी नव्या टर्मिनलसह बदलावी लागते. ती ठीक असेल तर पंप किती करंट ओढतोय ते अँपिअर मीटरने मोजावं. तुंबलेल्या फिल्टरविरुद्ध ढकलणारा किंवा झिजलेला पंप जास्त करंट घेतो. सीएनजीवर चालणाऱ्या गाडीत बरेचजण पेट्रोलची टाकी कायम काट्याच्या तळाला ठेवतात. पंप पेट्रोलनेच थंड राहतो, त्यामुळे कोरडा फिरला की तो तापतो आणि झिजतो. अशा पंपाने रिले जाळला असेल तर सुरुवातीला ‘पंप गेला’ म्हणणारा गृहस्थ अर्धा तरी बरोबर होता, आणि आधी फिल्टर, मग पंप, मग रिले या क्रमाने खर्च करावा लागतो.