तेल खवट झाले, हे नाकाला कळते का?

‘खवट’ हा शब्द मराठी घरात कुणाला समजावून सांगावा लागत नाही. जुने शेंगदाणे, फार दिवसांचा चिवडा, डब्यात विसरलेली खोबऱ्याची वाटी यांमुळे तो सर्वांच्या परिचयाचा आहे. ऑलिव्ह तेलाच्या बाबतीत मात्र ही पारख डळमळते. त्याचा मूळ वासच आपल्या ओळखीचा नसतो. शिवाय ते महाग, किंवा परदेशातील मुलांनी प्रेमाने आणलेले. म्हणून चमच्याचमच्याने पुरवून वापरले जाते. हृदयासाठी हितकर म्हणून जपलेली बाटली वर्षानुवर्षे कपाटात राहते आणि आतले तेल केव्हा बिघडले, हे लक्षातही येत नाही.

हा बिघाड जंतूंमुळे होत नाही. हवेतील ऑक्सिजन, उजेड आणि उष्णता यांमुळे तेलातील मेदाम्ले विघटित होतात व खवट वास निर्माण होतो. ऑलिव्ह तेलात ओलेइक आम्लाचे प्रमाण मोठे असल्याने ते जवसाच्या तेलापेक्षा अधिक टिकते. पण अक्षय नसते. बंद बाटली अंधाऱ्या, थंड जागी साधारण दीड ते दोन वर्षे चांगली राहते. उघडल्यावर मात्र ती दोन-तीन महिन्यांत संपवावी.

खवट तेल एखाद्या वेळी पोटात गेले, तर सहसा विषबाधा होत नाही. परंतु ज्या गुणांसाठी आपण ते घेतो, ते ‘ई’ जीवनसत्त्व व इतर संरक्षक घटक तोवर बरेचसे नष्ट झालेले असतात. शिवाय अन्नाची चव बिघडते आणि आधीच मंदावलेली वृद्धांची भूक आणखी कमी होते.

खरी अडचण पुढे आहे. तेलाची घरगुती परीक्षा नाकानेच होते आणि वयानुसार नाकच मंदावते. ऐंशी वर्षांपुढील निम्म्याहून अधिक व्यक्तींची गंधशक्ती क्षीण झालेली आढळते. पुष्कळांना स्वतःला त्याची जाणीवही नसते. म्हणून ही परीक्षा घरातील तरुण माणसाने करावी. लहान वाटीत चमचाभर तेल घ्यावे, वर तळहात झाकून वाटी दुसऱ्या हातात मिनिटभर धरावी आणि मग हुंगावे. ताज्या ‘एक्स्ट्रा व्हर्जिन’ तेलाला ओल्या गवताचा किंवा कच्च्या फळाचा वास येतो. जुने शेंगदाणे, मेणाचे रंगीत खडू यांची आठवण झाली, तर ते तेल स्वयंपाकातून बाद करावे. शंका राहिल्यास थेंबभर चाखावे.

दोन गोष्टींनी मात्र फसू नये. ताज्या तेलाने घशात मिरीसारखे झणझणते. ते ओलिओकँथल या नैसर्गिक घटकामुळे, आणि तो ताजेपणाचाच गुण आहे. थंडीत किंवा फ्रीजमध्ये तेल गढूळ होते, गोठते. आपले खोबरेल थिजते तसेच. सामान्य तापमानाला ते पुन्हा पूर्ववत होते.

तेल शेगडीजवळ किंवा खिडकीत ठेवू नये. गडद काचेची लहान बाटली घ्यावी, उघडल्याची तारीख तिच्यावर लिहावी, झाकण घट्ट लावावे. जुन्या तेलाच्या तळात नवे तेल ओतू नये. एक्स्ट्रा व्हर्जिन तेल साधारण १९० ते २१० अंश सेल्सिअसला धूर सोडते. रोजची भाजी त्यात खुशाल करावी, पण धूर निघेपर्यंत तापवू नये. कोशिंबिरीवर, भाकरीसोबतच्या चटणीवर कच्चे घातल्यास उत्तम. मात्र प्रमाण राखावे: मोठ्या चमचाभर तेलात सुमारे १२० कॅलरी असतात, मग ते कोणतेही असो. ‘लाइट’ हा शब्द रंग आणि चव यांपुरता आहे, कॅलरींशी त्याचा संबंध नाही.

आई-वडिलांना तेलाचा खवटपणा, करपलेले दूध किंवा गॅसचा वास कळेनासा झाला असेल, तर ‘वय झाले’ म्हणून सोडून देऊ नये. सर्दी, नाकाचे विकार, काही औषधे, क्वचित पार्किन्सन किंवा अल्झायमरची सुरुवात यांमागे असू शकते. डॉक्टरांना आवर्जून सांगावे. तोवर महिन्यातून एकदा बाटली हुंगण्याचे काम नातवंडांकडे सोपवावे.