मुदत कायद्यात आहे, मग मुंबई कशाला?

शेजाऱ्याने बांध फोडून शेतात नांगर घातला. जमीनमालकाने तालुका न्यायालयात दावा लावला, सोबत तूर्तातूर्त मनाईचा अर्ज दिला. आपल्याकडच्या न्यायालयांत हा अर्ज ‘निशाणी ५’ म्हणूनच ओळखला जातो. मग रोजनाम्यात नोंदी पडत जातात: प्रतिवादीच्या म्हणण्यासाठी मुदत, पुन्हा मुदत, वकील गैरहजर, युक्तिवादासाठी तारीख. तोवर शेजाऱ्याची पेरणी उरकते, कापणीही होते. मनाई मिळालीच, तरी तिचा उपयोग काय?

अशा वेळी पक्षकार उच्च न्यायालय गाठतो. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ नुसार आपल्या क्षेत्रातील न्यायालयांवर देखरेख ठेवण्याचा अधिकार उच्च न्यायालयाला आहे. तिथला आदेश बहुधा छोटा असतो: गुणदोषांवर आम्ही मत देत नाही; दोन्ही बाजू ऐकून अमुक आठवड्यांत अर्ज निकाली काढावा. निकाल कोणाच्या बाजूने द्यायचा, हे सर्वस्वी खालच्या न्यायालयाच्या हाती राहते.

वास्तविक अनेक अर्जांची मुदत कायद्यानेच ठरवली आहे. एकतर्फी मनाई दिली असेल, तर अर्ज ३० दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा, असे दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ३९, नियम ३अ सांगतो. अंतरिम पोटगीच्या अर्जाला नोटीस बजावल्यापासून शक्यतो ६० दिवस आहेत. कौटुंबिक हिंसाचाराच्या अर्जाला पहिल्या सुनावणीपासून तेवढेच. जामीन अर्ज साधारण दोन आठवड्यांत निकाली काढावेत, असे सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२२ मध्ये बजावले.

मग प्रत्येकानेच वरून आदेश आणावा का? २९ फेब्रुवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने याला आवर घातला. ठाणे जिल्हा न्यायालयातून वकिलीला सुरुवात केलेल्या न्या. अभय ओक यांनी त्यातले मुख्य निकालपत्र लिहिले. खालच्या न्यायालयांतील प्रकरणांना वरून कालमर्यादा घालणे एरवी टाळावे, अपवादात्मक परिस्थितीतच तसे करावे, असे पीठाने सांगितले. कुठल्या न्यायालयावर किती बोजा आहे, हे तिथल्या न्यायाधीशालाच नीट ठाऊक असते. शिवाय वरच्या न्यायालयाचा खर्च ज्याला झेपतो, त्याचा नंबर आधी लागतो आणि गरिबाची तारीख आणखी पुढे जाते.

ही भूमिका न्याय्य आहे. पण पोटगीवाचून मुले सांभाळणारी आई किंवा जामिनाची वाट पाहणारा कच्चा कैदी यांच्यासाठी उच्च न्यायालयाचे दार उघडेच राहिले पाहिजे. त्याहून महत्त्वाचे म्हणजे तिथवर जाण्याची वेळ त्यांच्यावर येऊ नये. त्यासाठी न्यायाधीशांच्या रिकाम्या जागा वेळेवर भरायला हव्यात आणि विनाकारण मुदत मागणाऱ्याला खर्चाचा भुर्दंड बसायला हवा.

तुमचा अर्ज रखडला असेल, तर आधी त्याच न्यायालयात लवकर सुनावणीसाठी लेखी अर्ज द्या आणि रोजनाम्याची प्रमाणित प्रत काढून ठेवा. पुढे वर जावेच लागले, तर दिरंगाई कोणामुळे झाली हे त्या प्रतीवरून दाखवता येते.