जमिनीचे वाद : निशाणी 5 आणि खारेपाटातला बांध

तात्पुरता मनाई हुकूम म्हणजे दाव्याचा निकाल लागेपर्यंत वादातील जमिनीची स्थिती बिघडू नये म्हणून न्यायालयाने दिलेला आदेश. महाराष्ट्रातील दिवाणी न्यायालयांत या अर्जावर बहुधा ‘निशाणी 5’ असा क्रमांक पडतो आणि वकील-पक्षकार तो त्याच नावाने ओळखतात. त्याला आधार आहे दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 च्या आदेश 39 मधील नियम 1 व 2 चा. कब्जा हिसकावला जाण्याची भीती हे मनाईचे स्वतंत्र कारण म्हणून नियम 1 मध्ये 1976 च्या दुरुस्तीने आले.

 

प्रथमदर्शनी हक्क, सोयी-गैरसोयीचा तोल आणि भरून न येणारे नुकसान या ‘दलपत कुमार विरुद्ध प्रल्हाद सिंग’ (1992) मधील तीन कसोट्या मनाई देताना न्यायालय लावते. मालकीच्या वादात त्या सरळ लागू पडतात. हद्दीच्या वादात अडचण येते ती पहिल्याच पायरीवर. दोन्ही शेजाऱ्यांकडे आपापला सातबारा असतो आणि दोन्ही उतारे खरे असतात. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 157 नुसार अधिकार अभिलेखातील नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी मानली जाते. पण सातबारा क्षेत्र सांगतो, हद्दीची रेषा दाखवत नाही. रेषा असते ती भूमी अभिलेख खात्याच्या नकाशात.

म्हणून निशाणी 5 च्या सुनावणीत न्यायालय आधी वहिवाट पाहते. ‘रामे गौडा विरुद्ध वरदप्पा नायडू’ (2004) हा लगतच्या जमिनींचाच वाद होता. मालकी कोणालाच सिद्ध करता आली नाही, तरी वादीचा स्थिरावलेला कब्जा सर्वोच्च न्यायालयाने राखला. मात्र एका रात्रीत तारेचे कुंपण ठोकून असा कब्जा तयार होत नाही.

पुढची अडचण ‘जैसे थे’ आदेशाची. दोघांनी आहे ती स्थिती ठेवावी, एवढेच शब्द आदेशात असले आणि ती स्थिती कोणती हे कागदावर नसले, तर दुसऱ्याच दिवशी दोघेही तोच आदेश हातात धरून बांधावर उभे राहतात. याला उपाय आदेश 26, नियम 9 मध्ये आहे : कोर्ट कमिशनर नेमून जागेची पाहणी व मोजणी. हद्दनिश्चितीच्या वादात अशी नेमणूक करायला हवी होती, असे सर्वोच्च न्यायालयाने ‘हरियाणा वक्फ बोर्ड विरुद्ध शांती सरूप’ (2008) मध्ये म्हटले आहे. मनाईच्या अर्जासोबतच कमिशनरचा अर्ज देणे शहाणपणाचे.

आता खारेपाट, म्हणजे खाडीलगतचा खारभूमीचा पट्टा. पेण तालुक्यातील वडखळला मुंबई-गोवा महामार्गावरून अलिबागचा रस्ता फुटतो. रस्त्यालगत गुंठ्यागुंठ्यावरून वाद होतात आणि तिथे बांध म्हणजे केवळ हद्दीची खूण. धरमतर खाडीकडच्या खारभूमीत मात्र बांध आधी पाणी अडवतो आणि मग हद्द दाखवतो. बाहेरकाठ्याला (खाडीकडच्या बाहेरच्या बांधाला) खांड (भगदाड) गेली किंवा उघाडी (पाणी सोडण्याचे दार) नादुरुस्त झाली, की उधाणाचे खारे पाणी भातखाचरात शिरते. मग जमिनीत मुरलेले मीठ पावसाने धुऊन जाईपर्यंत पीक हाती लागत नाही. हे पाणी सर्व्हे नंबर पाहून थांबत नाही. वादी, प्रतिवादी आणि दाव्याशी संबंध नसलेले पलीकडचे शेतकरी, सगळ्यांचीच शेते बुडतात.

अशा ठिकाणी बांधाला हात लावू नये असा सरसकट हुकूम घातक ठरतो. सोयी-गैरसोयीचा तोल खारभूमीत दोन शेजाऱ्यांपुरता मोजून चालत नाही. आदेश 39, नियम 7 खाली न्यायालय वादातील मालमत्तेचे जतन व पाहणी यांबाबत आदेश देऊ शकते. तेव्हा मनाई मागणाऱ्याने खांड बुजवणे आणि उघाडीची दुरुस्ती हुकुमातून वगळून मागावी. दुरुस्तीमुळे कोणाचाही हद्दीचा हक्क वाढणार वा घटणार नाही, असे वाक्यही आदेशात यावे.

बांध आधीच फोडला असेल तर नुसती मनाई अपुरी पडते. ‘दोराब कावसजी वॉर्डन’ (1990) या खटल्याने अशा वेळची वाट दाखवली : प्रकरण भक्कम असेल आणि एरवी गंभीर नुकसान होणार असेल, तर शेवटची बिनवादाची स्थिती पुन्हा आणण्याचा अंतरिम आदेशही मिळू शकतो. तो सहज मिळत नाही, म्हणून बांधाची आधीची छायाचित्रे आणि जुनी मोजणी कामी येते.

एकतर्फी हुकूम हा अपवाद आहे. नोटीस काढण्यात हेतूच फसणार असेल तरच तो द्यावा आणि त्याची कारणे नोंदवावीत, असे आदेश 39 चा नियम 3 सांगतो. त्यानंतर 30 दिवसांत अर्ज निकाली काढण्याचा प्रयत्न करणे नियम 3-अ नुसार न्यायालयावर बंधनकारक आहे. ज्याला दाव्याची कुणकुण लागली असेल त्याने दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 148-अ खाली कॅव्हेट दाखल करावे, ते 90 दिवस टिकते. हुकूम मोडल्यास नियम 2-अ खाली मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. उलट, खोटी माहिती देऊन मिळवलेला हुकूम नियम 4 खाली रद्द होतो आणि अपुऱ्या कारणावर मनाई घेणाऱ्याला कलम 95 खाली 50,000 रुपयांपर्यंत भरपाई द्यावी लागू शकते. पेणच्या कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायालयाच्या निशाणी 5 वरील आदेशावर 30 दिवसांत अलिबागच्या जिल्हा न्यायालयात अपील करता येते.

निशाणी 5 वरील आदेशाने मालकी ठरत नाही आणि हद्दही ठरत नाही. पण दावा चालतो तितकी वर्षे जमीन त्या आदेशाखाली राहते. खारेपाटातील शेतकऱ्यांनी भांडण कितीही जुने असले तरी पावसाळ्याआधी बांध मिळून दुरुस्त करावा आणि हद्दीचा निकाल मोजणीवर सोडावा.