तिचे कपडे कोण ठरवते?

1966 साली सेनेगलचे दिग्दर्शक उस्मान सेम्बेन यांचा ‘ला न्वार द...’ हा जेमतेम तासाभराचा कृष्णधवल चित्रपट आला. डकारची तरुण दियुआना एका फ्रेंच कुटुंबाकडे कामाला लागते आणि पुढे त्यांच्याकडे फ्रान्समध्ये अँतीबला जाते. मालकिणीने दिलेला जुना ठिपक्यांचा झगा, डोक्याला विग आणि पायात उंच टाचांचे बूट अशा थाटात ती घर झाडते-पुसते. मालकिणीला ते खुपते. ती दियुआनाला ॲप्रन बांधायला लावते आणि तू मोलकरीण आहेस असे सुनावून बूट काढायला सांगते. कपडे देणारी तीच आणि ते अंगावर शोभतात की नाही हे ठरवणारीही तीच. आफ्रिकन स्त्रीच्या पडद्यावरच्या चित्रणाची चर्चा बहुधा ‘पारंपरिक की आधुनिक’ या वादात अडकते. माझ्या मते पाहायचे ते दुसरेच आहे. वेशाची निवड तिच्या हातात आहे का? असेल तर ती आधुनिक, मग अंगावर जीन्स असो की आजीच्या वळणाचे लुगडे.

या कसोटीवर घानातली ‘ॲन आफ्रिकन सिटी’ ही वेबमालिका मला फार महत्त्वाची वाटते. निकोल अमारतेफियो यांनी ती 2014 साली यूट्यूबवर आणली. परदेशात शिकून आक्र्यात परतलेल्या पाच मैत्रिणींची ही गोष्ट आहे. नाना-या ही पत्रकार आहे, माकेना वकील, तर झैनब शिया बटरचा व्यवसाय करते. अमेरिकी ‘सेक्स अँड द सिटी’चा साचा घेतल्याचे निर्मातीने कधी लपवले नाही. पण साचा उसना असला तरी कापड तिथलेच आहे. घानात रंगीत वॅक्स प्रिंटचा ‘काबा आणि स्लिट’, म्हणजे घट्ट पोलके आणि पायघोळ स्कर्ट, चर्चला, समारंभाला, अंत्यविधीलाही घालतात. मालिकेतल्या बायका त्याच कापडाचे नव्या बेताचे ड्रेस घालून कामाच्या दिवशी उपाहारगृहात बसतात आणि घरभाडे, वीज, पुरुष, लग्न यांवर मनमोकळे बोलतात. दुष्काळ, युद्ध आणि रोगराई यांच्या बातम्यांतून आफ्रिकन बाई पाहायची सवय लागलेल्या प्रेक्षकाला हे दृश्यच एक उत्तर होते.

यावरचा मोठा आक्षेप असा, की या बायका आक्र्यातल्या मूठभर श्रीमंतांतल्या आहेत. तो खराच आहे. पण एका मालिकेने सगळ्या खंडाचे प्रतिनिधित्व करावे ही अपेक्षा आपण न्यूयॉर्कच्या मालिकेकडून ठेवत नाही. शिवाय सजण्याची हौस केवळ श्रीमंतांची नाही. नायजेरियात योरुबा लोकांच्या लग्नात ‘आसो एबी’ची प्रथा आहे. यजमान एक कापड ठरवतात, नातेवाईक आणि मित्रमंडळी तेच विकत घेतात, आणि प्रत्येक जण आपापल्या शिंप्याकडून ते आपल्या मनाजोगे शिवून घेतो. डोक्यावर ताठ घड्यांचा ‘गेले’ बांधला जातो. केमी अडेटिबा यांच्या 2016 च्या ‘द वेडिंग पार्टी’त एका बाजूला योरुबा घराणे आणि दुसऱ्या बाजूला इग्बो, आणि दोन्हीकडच्या आयांची चढाओढ त्यांच्या वेशातच दिसते. या प्रथेचा खर्च अनेकांना जड जातो, हेही विसरता कामा नये.

दुसरा आक्षेप अधिक टोकदार आहे: हे कापड मुळात आफ्रिकन कुठे? नाहीच. जावाच्या बाटिकची यंत्रावर नक्कल करण्यातून वॅक्स प्रिंट निघाले, आणि त्यातली सर्वांत नावाजलेली व्लिस्को कंपनी 1846 पासून नेदरलँड्समधल्या हेल्मोंडची. इग्बो बायकांचे मानाचे ‘जॉर्ज’ कापड तर आपल्या मद्रासकडून गेलेले. पण कापड कुठे छापले गेले एवढ्याने त्याचे गोत्र ठरत नाही. पश्चिम आफ्रिकेतल्या बाजारातल्या व्यापारी बायकांनी कोणती नक्षी चालेल ते ठरवले आणि नक्षींना नावे दिली. उडत्या पाकोळ्यांच्या एका नक्षीला घानात ‘पैशाला पंख असतात’ अशा अर्थाचे नाव पडले. टोगोची राजधानी लोमे इथल्या अशा व्यापारी बायका इतक्या धनाढ्य झाल्या, की त्यांच्या मर्सिडीज गाड्यांवरून त्यांना ‘नाना बेंझ’ म्हणू लागले. कापडाला अर्थ त्यांनी दिला, म्हणून ते त्यांचे.

हॉलिवूडनेही पुढे या वेशभूषेची दखल घेतली. ‘ब्लॅक पँथर’ चित्रपटाच्या वेशभूषेसाठी रूथ कार्टर यांना 2019 मध्ये ऑस्कर मिळाले. त्यातल्या राणीचा मुकुट झुलू विवाहितांच्या ‘इसिचोलो’ टोपीवरून घेतला होता. काम देखणे आहे, पण चित्रपटातला देश काल्पनिक, आणि काल्पनिक राणीला भाड्याची चिंता नसते. माझा ओढा म्हणूनच आक्रा-लागोसच्या पडद्याकडे आहे, आणि तक्रारही त्याच्याचकडे आहे. नायिकेचे कपडे तिने स्वतः निवडले, इथवर तो आला. ते कापड विकणारी बाजारातली बाई आणि ते शिवणारी शिंपीण मात्र अजून बहुतेक चौकटीबाहेरच उभ्या आहेत. पुढची मोठी मालिका त्यांच्यावर निघायला हवी.