पायाखाली ज्वालामुखी, तरी गाव सुखी!

दप्तर, डबा, वॉटरबॉटल आणि... हेल्मेट! माहीत आहे का, जपानच्या साकुराजिमावर मुलं हेल्मेट घालून शाळेत जातात? डोक्यावरचा ज्वालामुखी सतत धुमसतो ना! समोरच्या कागोशिमा शहरात तर अंगणातली राख भरायला पालिका खास पिवळ्या पिशव्या देते. ओला कचरा, सुका कचरा, राख कचरा!

गंमत म्हणजे साकुराजिमा आता बेट उरलेलंच नाही. १९१४च्या उद्रेकातल्या लाव्हाने सामुद्रधुनी बुजवली आणि बेट थेट जमिनीला चिकटलं. इथला मुळाही जम्बो! २००३मध्ये गिनीज बुकात गेलेला मुळा होता ३१.१ किलोचा. करा पराठ्यांचा हिशोब!

आता चला आइसलंडच्या हेइमायला. २३ जानेवारी १९७३, मध्यरात्र. गावाच्या वेशीवरच जमीन फाटली! आदल्या दिवशीच्या वादळामुळे मच्छीमार बोटी बंदरातच होत्या. सुमारे ५,३०० गावकऱ्यांपैकी बहुतेक सगळे रातोरात बाहेर! लाव्हा बंदराकडे सरकला, तेव्हा पठ्ठ्यांनी त्यावर महिनोन्‌महिने समुद्राचं पाणी मारलं. बंदर वाचलं. पुढे त्याच लाव्हाच्या उष्णतेवर घरं ऊबदार केली. राखेतून गाव राखलं ते असं!

भूक लागली? अझोर्स बेटांवरच्या फुर्नासला या. मांस, कोबी, बटाटे भरलेलं पातेलं ज्वालामुखीने तापलेल्या जमिनीत पुरायचं आणि साधारण सहा तासांनी काढायचं. सिलिंडर बुकिंगची कटकटच नाही!

राजधानी आहे, पण लोकसंख्या शून्य! कॅरिबियनमधल्या मॉन्टसेराटचं प्लिमथ १९९७पर्यंत राखेखाली गेलं. लोक उत्तरेला सरकले. कागदोपत्री राजधानी मात्र आजही प्लिमथच.

ट्रिस्टन दा कुन्हा बेटाच्या २६४ रहिवाशांना १९६१च्या उद्रेकानंतर इंग्लंडला नेलं. तिथे टीव्ही, बस, दुकानं, सगळं होतं. तरी परतायचं का, यावर मतदान झालं १४८ विरुद्ध ५. चलो घर!

ज्वालामुखीचं झालं, आता त्सुनामीचं हे माहीत आहे का? इंडोनेशियाच्या सिमेउलुए बेटावर १९०७च्या त्सुनामीची आठवण आज्यांनी गोष्टींतून, अंगाईतून जपली : जमीन जोरात हादरली, समुद्र मागे हटला की डोंगराकडे पळा. २६ डिसेंबर २००४ला भूकंप झाला आणि सगळे पळाले. भूकंपाच्या केंद्राच्या इतक्या जवळ असूनही सुमारे ७८,००० वस्तीत बळी गेले सात.

सायरन नाही, ॲप नाही, आजीची शिकवण! कोकण असो वा अंदमान, किनाऱ्यावर फिरताना ही टिप पाठ असू द्या आणि मुलांनाही सांगा.