काकडीला पाणी का सुटतं?

विरार स्टेशनबाहेरच्या बाजारातून आणलेली कोवळी काकडी चोचवली, मीठ घातलं, की दहा-पंधरा मिनिटांत वाडग्याच्या तळाशी पाणी साचतं. ते येतं कुठून?

काकडीत सुमारे 95 टक्के पाणीच असतं, असंख्य सूक्ष्म पेशींत कोंडलेलं. हवा भरलेल्या ट्यूबसारख्या त्या पेशी टणक असतात, म्हणून काकडी कुरकुरीत लागते. पेशीचं आवरण पाण्याला वाट देतं, मिठाला सहजी देत नाही. बाहेरचं द्रावण खारट झालं, की आतलं पाणी तिकडे ओढलं जातं. पेशी सैलावतात, फोडी मऊ पडतात. या क्रियेला परासरण म्हणतात.

जर्मन घरांत ‘गुर्केनझालाट’ ही काकडीची कोशिंबीर करताना हे मुद्दाम घडवून आणतात. अगदी पातळ चकत्या मिठात ठेवायच्या, घट्ट पिळायच्या, मग व्हिनेगर, साखर आणि चक्क शेपू! पाणी आधीच निघाल्यामुळे व्हिनेगरची चव पातळ होत नाही.

आपल्या सुगरणींची खमंग काकडी बरेचदा उलट वाटेनं जाते. दाण्याचं कूट, लिंबू, जिरं-मिरचीची फोडणी आधी. मीठ अगदी वाढताना. कूट सुटलेलं थोडं पाणी शोषूनही घेतं.

काकडी पिळलीच, तर ते पाणी ओतून देऊ नका. थालीपिठाची भाजणी त्यात भिजवा, वरचं मीठ मात्र बेतानं घाला.