सुटकेनंतरचे अपील आणि साक्षीचा कागद

गेल्या वर्षी मृगाच्या तोंडावर सीमेलगतच्या एका खेड्यातील वयोवृद्ध शेतकरी आमच्या शाळेच्या कचेरीत आले. त्यांचा नातू आमच्याकडे आठवीत होता. "गुरुजी, तेवढं वाचून सांगा. वकील म्हणले, सुटले समदे. का सुटले ते कळंना," असे म्हणून त्यांनी कागदांची गुंडाळी मेजावर ठेवली. तो तालुका न्यायालयाचा निकाल होता, अर्थातच कन्नडमध्ये. चार वर्षांपूर्वी बांधाच्या भांडणातून त्यांना जबर मारहाण झाली होती. डाव्या हाताचे हाड मोडले ते वाकडेच जुळले. आरोपी शेजारच्याच शेतातले, आणि आता निर्दोष.

वाचता वाचता कारण सापडले. साक्ष देताना म्हातारबांनी "कुऱ्हाडीच्या तुंब्यानं हाणलं" असे आपल्या मराठीत सांगितले होते. तुंबा म्हणजे कुऱ्हाडीची मागची बोथट बाजू. खेड्यातल्या पोरालाही ते ठाऊक असते. कन्नड नोंदीत मात्र "कुऱ्हाडीने मारले" एवढेच उतरले. डॉक्टरांच्या दाखल्यात धारदार हत्याराची जखम नाही, केवळ मुका मार आणि मोडलेले हाड. साक्ष व दाखला जुळेना, म्हणून संशयाचा फायदा आरोपींना. समोर जो कागद होता त्यावरून न्यायाधीशांनी निकाल दिला. त्यांना दोष द्यावा असे आम्हांला वाटत नाही.

"आता पुढं काही हाय का, का संपलं?" हा त्यांचा प्रश्न. आमच्या लहानपणी याचे उत्तर सरळ होते. फौजदारी खटला सरकारचा. ज्याने मार खाल्ला तो केवळ एक साक्षीदार. आरोपी सुटले तर अपील करायचे की नाही हे सरकारने ठरवावे, तेही नव्वद दिवसांत. सरकारी वकिलाचे मत प्रतिकूल पडले की विषय तिथेच मिटे. खाजगी फिर्यादीवरून चाललेल्या खटल्यात फिर्यादीला विशेष परवानगी मागता येई, पण पोलिसांत नोंदलेल्या गुन्ह्यात ती वाटही नव्हती.

ही स्थिती ३१ डिसेंबर २००९ पासून बदलली. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३७२ ला जोडलेल्या परंतुकाने पीडित व्यक्तीला स्वतः अपील करण्याचा हक्क मिळाला. आरोपी सुटला, कमी गंभीर गुन्ह्यातच दोषी ठरला, किंवा भरपाई अपुरी मिळाली, या तिन्ही प्रसंगी हा हक्क आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या नागरिक सुरक्षा संहितेतही कलम ४१३ मध्ये तो कायम आहे.

या हक्काचा अर्थ सर्वोच्च न्यायालयात स्पष्ट झाला तो आपल्याच राज्यातील एका खटल्यात. बागलकोट जिल्ह्यातील कोडगली यांच्यावर फेब्रुवारी २००९ मध्ये हल्ला झाला. ऑक्टोबर २०१३ मध्ये सत्र न्यायालयाने आरोपींना सोडले. कोडगली यांनी अपील केले, तर उच्च न्यायालयाने म्हटले की हल्ला नव्या तरतुदीच्या आधीचा, म्हणून अपील चालणार नाही. दुसऱ्या कलमाखाली गेले, तर तिथेही दार बंद. अखेर १२ ऑक्टोबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने बहुमताने ठरविले की तारीख पाहायची ती सुटकेच्या निकालाची, आणि पीडिताला अपिलासाठी न्यायालयाची वेगळी परवानगी मागण्याचे कारण नाही. अपील ऐकण्यासाठी परत पाठविण्यात आले. तोवर कोडगली हयात नव्हते; खटल्याच्या शीर्षकात त्यांच्या नावापुढे 'मयत' असा शब्द आहे आणि वारस त्यांच्या जागी उभे आहेत.

म्हातारबांना आम्ही हे सांगितले खरे, पण दुसरी बाजू लपविणेही बरे नव्हे. सुटलेल्या माणसाच्या निर्दोषपणाला निकालाने दुहेरी बळ येते, आणि पुराव्यावरून दोन वाजवी निष्कर्ष निघत असतील तर वरच्या न्यायालयाने सुटकेला हात लावू नये, हे चंद्रप्पा विरुद्ध कर्नाटक राज्य या खटल्यात २००७ साली सर्वोच्च न्यायालयाने नमूद केलेले आहे. देसाईगंजच्या पोलीस चौकीतील १९७२ चे अत्याचार प्रकरण जुन्या वाचकांना आठवत असेल. सत्र न्यायालयाने दोघा शिपायांना सोडले, नागपूर खंडपीठाने १९७६ मध्ये दोषी ठरविले, आणि १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सोडले. त्या निकालावर देशभर संताप उसळला आणि १९८३ मध्ये कायदा बदलला. त्या मुलीचा खटला मात्र होता तिथेच राहिला.

तालुक्याच्या दंडाधिकाऱ्यांनी सोडले असेल तर अपील जिल्ह्याच्या सत्र न्यायालयात जाते. सत्र न्यायालयाने सोडले असेल तर उच्च न्यायालयात. बिदरकरांना त्यासाठी पूर्वी बंगळूर गाठावे लागे. २००८ पासून कलबुर्गीला न्यायपीठ आहे, आणि २०१७ पासून बिदरहून तिथे थेट रेल्वेही. स्त्रिया, मुले, अनुसूचित जाती-जमातींचे लोक यांना उत्पन्न न पाहता जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील विनामूल्य मिळतो. इतर गरिबांना उत्पन्नाच्या मर्यादेत. पीडिताच्या अपिलाची मुदत त्या कलमात लिहिलेली नाही. तथापि त्या भरवशावर राहू नये; सरकारच्या नव्वद दिवसांची मर्यादा आपलीही समजून चालावे.

आम्ही म्हातारबांबरोबर बिदरला वकिलांकडे गेलो, तो निकालाचा बहात्तरावा दिवस होता. वकिलांनी कागद चाळले व विचारले, "साक्ष झाल्यावर ती तुम्हांला मराठीत समजावून सांगितली होती का?" साक्षीदाराला नोंदीची भाषा येत नसेल तर नोंद त्याच्या भाषेत समजावून द्यावी, चूक दाखविल्यास तशी टिपणी करावी, असा कायदाच आहे. म्हातारबा म्हणाले, "अंगठा लावा म्हणले, लावला."

अपील दाखल झाले आहे. परतताना एस.टी.त त्यांनी आम्हांला विचारले, "गुरुजी, तिथं मला पुन्हा सांगू देतील का, तुंबा म्हणजे काय ते?" सहसा नाही, असे आम्हांला सांगावे लागले. अपिलात कागद वाचतात. नवी साक्ष घेण्याचा अधिकार न्यायालयाला आहे, पण तो क्वचितच वापरला जातो. हुमनाबादचा फाटा येईपर्यंत ते आपल्या डाव्या मनगटावरून उजवा हात फिरवीत बसून होते.